उजवा कान

फोन उचलून तो चार वेळा हॅलो म्हणाला आणि चौथ्या हॅलोलाही उत्तर आलं नाही तेव्हा चिडून त्याने तो बंद केला. लगेच पुन्हा वाजला. निर्मात्याचाच होता. "अहो, तुमचा आवाजच येत नाहीये, लाइन खराब आहे," असं त्याने मोठ्याने सांगितलं, आणि हातातला चहाचा कप टेबलावर ठेवायला वळताना फोन सहज उजव्या कानावरून डाव्या कानावर गेला. तिथे निर्माता होता. नुसता होता असं नाही, तावातावाने बोलत होता. "...मी इथे घसा फोडतोय आणि तुमचं आपलं हॅलो, हॅलो! बरं आहे ना सगळं?" त्याने फोन पुन्हा उजव्या कानाला लावून पाहिला. काही नाही. डाव्या कानाला, निर्माता. उजव्या कानाला, काही नाही. लहान मूल दिव्याचं बटण उगाच वरखाली करत बसतं तसं त्याने तीन-चारदा केलं, आणि मग "सगळं उत्तम आहे, उद्या वेळेवर सुरू करतोय," असं म्हणून फोन ठेवला. सोमवार होता, युनिटला सुट्टी होती. आतल्या खोलीतून बायकोने काहीतरी विचारलं. काय ते कळलं नाही, पण अशा वेळी ती काय विचारते हे बत्तीस वर्षांत पाठ झालेलं होतं, म्हणून तो म्हणाला, "निर्मात्याचा. चौकशी करत होता." उत्तर बरोबर बसलं असावं, कारण पुन्हा प्रश्न आला नाही.

न्हाणीघरात जाऊन त्याने दार लावलं आणि कानांजवळ बोटं चोळून पाहिली. डावीकडे कोरडी खसखस ऐकू आली. उजवीकडे बोटं नुसतीच हलत होती, दुसऱ्या कुणाची असल्यासारखी. नळ सोडला तर पाणी भिंतीकडच्या बादलीत पडत होतं आणि आवाज खिडकीकडून येत होता. कान कोमट पाण्याने धुतला, नाक दाबून हवेचा जोर दिला, एका पायावर उड्याही मारल्या, पासष्टाव्या वर्षी, टॉवेल गुंडाळून. मग आरशात त्या कानाकडे बघत राहिला. दिसायला होता तसाच होता. मोठा, थोडा पुढे आलेला, पाळीवर दोन पांढरे केस. हा काही साधासुधा कान नव्हता. बाविसाव्या वर्षी तो या धंद्यात शिरला तो माइक लावलेली लांब दांडी नटांच्या डोक्यावर धरून उभा राहण्याच्या कामावर, आणि दुसऱ्या टोकाला यंत्रापाशी बसायचा त्याच्याच वयाचा एक गोल, घामाघूम मुलगा, ज्याला पुढे सगळं जग कानसेन म्हणायला लागलं. त्या दोघांनी मिळून ऐकायला शिकून घेतलं. रिकाम्या खोलीलाही आवाज असतो, आणि दोन रिकाम्या खोल्यांचे आवाज कधीच सारखे नसतात. माणूस खोटं बोलायला लागला की वाक्याच्या आधी एक बारीक श्वास घेतो. रडण्याच्या आधी घसा गिळण्याचा आवाज येतो, तो आला नाही तर ते रडणं ग्लिसरिनचं. पुढे तो दिग्दर्शक झाला तेव्हाही टेक चालू असताना मॉनिटरकडे बघायचा नाही. हेडफोनची एक वाटी उजव्या कानावर दाबून, डोळे मिटून बसायचा, आणि टेक संपला की डोळे उघडून "झालं" किंवा "परत" एवढंच म्हणायचा. यावरून त्याची थट्टाही पुष्कळ झाली. त्याला सिनेमा नको, रेडिओच द्या, असं एक छायाचित्रकार सगळ्यांसमोर म्हणाला होता. पण तोच छायाचित्रकार दुसऱ्या दिवशी हळूच येऊन विचारून गेला होता, की कालच्या तिसऱ्या टेकमध्ये खोट आहे हे न बघता कसं कळलं.

डॉक्टरीण तरुण होती आणि फार हळू बोलायची, म्हणजे सगळेच हळू बोलतायत असं आता त्याला वाटत होतं. मंगळवारी सकाळी शूटिंगच्या आधी तो एकटाच तिच्याकडे गेला. काचेच्या लहानशा खोलीत बसवून तिने त्याच्या कानात शिट्ट्या वाजवल्या आणि ऐकू आली की बटण दाबायला सांगितलं. परीक्षेत कच्च्या मुलाने शेजाऱ्याच्या पाटीत डोकवावं तसा तो काचेतून तिच्या हाताकडे बघत अंदाजाने बटण दाबत राहिला. तिच्या ते लक्षात आलं. "काका," ती म्हणाली, "मला फसवून तुम्हाला काय मिळणार?" मग कागदावरच्या दोन रेघा दाखवून तिने समजावलं. उजवा कान असा अचानक का गेला ते सांगता येत नाही, कधी कधी जातो. गोळ्या देते, काही जणांचा परत येतो, काहींचा नाही, दोन आठवडे वाट बघू. तिला काळजी डाव्याची होती. डावा आठ-दहा वर्षांपासून हळूहळू उतरत आलाय, तुम्हाला कळलं नाही कारण तुम्ही सगळा कारभार उजव्याच्या जिवावर चालवत होतात. "गर्दीत त्रास होईल. कुजबूज तर समजणारच नाही. आवाज येईल, शब्द येणार नाहीत." "माझ्या कामात..." असं काहीतरी तो बोलायला लागला आणि थांबला. "काय काम करता?" तिने विचारलं. "दूरदर्शनवर मालिका करायचो," तो म्हणाला, कारण अनोळखी माणसांना तेच कळतं, आणि तिने मालिकेचं नाव विचारलं, आणि ऐकल्यावर तिचा चेहरा एकदम शाळकरी झाला. "अय्या, ती तुमची? माझी आजी सात वाजले की कुणाला बोलू द्यायची नाही!"

सात वाजता. सहा वर्षं, दीड हजारांच्या वर भाग. त्याचं हे असंच होत आलेलं होतं. ज्याच्यावर जीव टाकला ते कुणी पाहिलं नाही, आणि ज्याची लाज वाटली ते घराघरांत पोचलं. एकतिसाव्या वर्षी केलेला पहिला सिनेमा एकाच घरात राहून एकमेकींशी न बोलणाऱ्या दोन बहिणींचा होता. त्यात सलग सात मिनिटं एकही शब्द नव्हता, नुसती भांडी, पावलं, दारांच्या कड्या, आणि त्या सात मिनिटांसाठी तो आणि कानसेन अकरा दिवस एका घरात मुक्काम टाकून बसले होते. सिनेमा तीन थिएटरांत आठवडाभर चालला. शेवटच्या दिवशी तो तिकीट काढून मागच्या रांगेत बसला तर सात मिनिटांच्या शांततेत पुढचा एक माणूस उठून बाहेर गेला आणि परत येऊन बायकोला म्हणाला, "काही बोलल्या का?" ती म्हणाली, "अजून नाही." हा किस्सा तो पुढे फार रंगवून सांगायचा, पण त्या दिवशी घरी जाऊन जेवला नव्हता. दुसऱ्या सिनेमात निर्मात्याच्या सांगण्यावरून गाणी घातली आणि तो तर आठवडाही टिकला नाही. तिसरा अर्ध्यावर थांबला. मग लग्न झालं. बायको शाळेत गणित शिकवायची, तिला सिनेमातलं फारसं कळत नव्हतं आणि कळतं असं तिने कधी दाखवलंही नाही. मुलगी झाली, आणि टीव्हीवाल्यांनी बोलावलं. तिथे शांतता चालत नव्हती. बाई स्वयंपाकघरात असते, हो साहेब, पाठ वळवून असते, आवाज गेला की तिला वाटतं टीव्ही बिघडला, असं त्याला चॅनलमधल्या एका सद्‌गृहस्थाने समजावून सांगितलं होतं. म्हणून प्रत्येक भावना बोलून दाखवायची, वर संगीत लावायचं, आणि सासूने मान वळवली की ढगांचा गडगडाट, तीनदा. कानसेन त्या गडगडाटाची फीत लावताना दरवेळी डोळा मारायचा. तोही हसायचा. पण हसता हसता सहा वर्षं गेली, मग दुसरी मालिका, मग तिसरी, आणि एके दिवशी लक्षात आलं की आपण डोळे मिटून ऐकतोय खरं, पण ऐकण्यासारखं त्यात काही नाहीये, नुसतीच सवय आहे.

ती मालिका त्याची आई रोज बघायची. आईचं ऐकणं तेव्हा कमी झालं होतं हे घरात सगळ्यांना माहीत होतं, म्हणजे म्हातारपणी होतं तेवढं. संध्याकाळी सातला ती खुर्ची टीव्हीपुढे ओढून, चष्मा पुसून बसायची, आणि तो घरी आला की तिच्याकडे त्याच्यासाठी काहीतरी असायचंच. "छोट्या, तुझ्या त्या नवऱ्याच्या मनात तिच्याबद्दल काही नाहीये हं. तू आपलं त्याला प्रेमात पाडतोयस." किंवा, "ती धाकटी जाऊ, तिला रडू येत नव्हतं आज. भूक लागली होती तिला. जेवायच्या आधी रडवलंस का रे?" आणि खरंच त्या दिवशी जेवणाची सुट्टी दोन तास लांबलेली असायची. तो थक्क व्हायचा. कानसेनला सांगायचा, माझी आई तुझ्यापेक्षा तिखट कानाची आहे बघ. मग एकदा शूटिंग लवकर आटपून सव्वासातला घरी आला, तर टीव्ही चालू, आई खुर्चीवर पुढे झुकलेली, आणि घरात चिडीचूप. आवाज पार शून्यावर. "आई, अगं आवाज बंद आहे," तो म्हणाला. ती वळली नाही. तो समोर जाऊन उभा राहिला तेव्हा दचकली, हसली, आणि मान डोलावून म्हणाली, "हो, छान चाललंय." मागे बायको उभी होती. ती म्हणाली, "वर्ष झालं. शेजारच्यांना त्रास नको म्हणून आईंनीच बंद करायला सांगितला. उपयोग काय, म्हणाल्या." वर्षभर आईने त्याची मालिका नुसती डोळ्यांनी पाहिली होती, आणि वर्षभर तिचं एकही बोलणं चुकलं नव्हतं.

खरं तर त्याने तिथेच खाली बसायला हवं होतं, तिच्या पायाशी, आणि विचारायला हवं होतं, की आई, तू काय बघतेस, मला सांग. त्याला आला राग. कसला राग ते आजही नीट सांगता आलं नसतं. त्याने महागडं यंत्र आणून तिच्या कानात बसवलं. ते तिने आठवड्यात डबीत घालून ठेवलं. "त्यात सगळं जग भांडी घासतं रे," ती म्हणाली. मग तो घरात मोठ्याने बोलायला लागला, मोठ्याने म्हणजे ओरडूनच, एकेक शब्द तोडून, आणि ती न कळताच हसून मान डोलवायची, आणि त्या डोलावण्याचा त्याला आणखी संताप यायचा. एका रविवारी जेवताना तो ओरडला, "ऐकू येत नाही तर मान कशाला डोलावतेस?" तेवढं वाक्य तिला ऐकू आलं. त्यानंतर तिने मान डोलावणं बंद केलं. हळूहळू सगळ्यांच्यात येऊन बसणंही बंद केलं. बायकोने शाळेतली एक जुनी वही आणली आणि त्या दोघी समोरासमोर बसून त्यात लिहून गप्पा मारायच्या, एक ओळ ही, एक ओळ ती, मध्येच दोघी खुदखुदायच्या. त्या वहीत काय होतं ते त्याने कधी पाहिलं नाही. आई गेली त्याला आता चौदा वर्षं झाली. आणि या मंगळवारपासून तो स्वतः सेटवर उभा राहून, समोरचा काय म्हणतोय ते न कळता, प्रसन्न चेहऱ्याने मान डोलवत होता. घरी बायकोला सांगायचं म्हटलं की तो रविवार मध्ये यायचा. ती त्या दिवशी ताटावरून न जेवता उठली होती.

आणि नेमका आत्ताच हे व्हावं! बत्तीस वर्षांनी सिनेमा मिळाला होता. म्हाताऱ्या बापाचं टाइपरायटर दुरुस्तीचं दुकान आवरायला आलेल्या मुलीची गोष्ट. बाप मागच्या खोलीत आजारी पडून आहे, मुलगी चार दिवसांसाठी येते, दुकान विकायचं ठरतं, आणि शेवटी झोपलेल्या बापाच्या उशाशी बसून ती दोन शब्द कुजबुजते. "मी राहते." एवढाच सिनेमा. करारावर सही करताना निर्मात्याने तब्येतीची चौकशी दोनदा केली होती, आणि हसत हसत, "लागला तर मदतीला एखादा तरुण सहदिग्दर्शक देऊ," असंही म्हणून ठेवलं होतं. तो तरुण कोण हेसुद्धा त्याला ठाऊक होतं. हुशार होता, वाईट काही नव्हतं, पण त्याने त्या कुजबुजीखाली पहिल्याच दिवशी व्हायोलिन लावलं असतं.

तो कुजबुजीचा प्रसंग शुक्रवारी होता. आदल्या दिवशी नायिका त्याच्याकडे आली होती. अठ्ठावीस वर्षांची, रंगभूमीवरून आलेली, प्रश्न विचारणारी मुलगी. "सर, मला वाटतं ती राहणार नाही. ती जाईल," ती म्हणाली होती, पण पंख्याखाली उभी राहून म्हणाली होती, आणि त्याला त्यातलं "सर, मला वाटतं" एवढंच पोचलं होतं. उरलेल्यावर त्याने मान डोलावून "बघू ना" म्हटलं होतं. शुक्रवारी सकाळी मागची खोली लावून तयार झाली. लोखंडी पलंग, औषधाच्या बाटल्या, भिंतीशी मोडके टाइपरायटर, खिडकीतून तिरपं ऊन. बापाचं काम करणारा म्हातारा नट पलंगावर आडवा झाला आणि दिवे लावेपर्यंत खरोखरच झोपून गेला. "उठवू नका," कानसेन कोपऱ्यातल्या आपल्या यंत्रामागून म्हणाला, "घोरतोय ते झकास आहे, विकत मिळणार नाही." सगळे हसले. तोही हसला, सगळे हसले म्हणून. हेडफोनची वाटी त्याने डाव्या कानावर दाबली आणि डोळे मिटले. घोरणं ऐकू आलं, लांबच्या करवतीसारखं. कापडाची सळसळ आली. मग कागद चुरगळल्यासारखं काहीतरी, आणि त्याच्या शेवटी एक "...ते". घाबरून त्याने डोळे उघडले आणि उरलेला टेक बघितला. मुलगी बापाकडे बघत होती. ऊन तिच्या मनगटावर होतं. त्याला तिथून नजर काढता आली नाही, फार वर्षांनी. "झालं," तो म्हणाला. "उत्तम. झालं."

कुणी हललं नाही. मुलगी त्याच्याकडे बघत होती, जरा चकित, जरा खूश. आणि कोपऱ्यातून कानसेनचा आवाज आला, मुद्दाम चढवलेला, "नाही हो सर, विमान गेलं वरून. माझ्यासाठी आणखी एक घ्या." त्रेचाळीस वर्षांत कानसेनने त्याला कधी सर म्हटलं नव्हतं. पुन्हा दिवे, पुन्हा शांतता, पुन्हा घोरणं. मुलीने कानसेनकडे एकदा बघितलं आणि मग टेक दिला. चुरगळलेला कागद, आणि शेवटी "...ते". "झालं," तो म्हणाला. मुलीचा चेहरा उतरला. ती पलंगावरून उठून सरळ त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. "सर, तुम्हाला दोन्ही चाललं?" तिचे ओठ त्याला स्पष्ट दिसत होते. "पहिल्यात मी 'जाते' म्हटलं. काल तुम्ही बघू म्हणालात म्हणून. दुसऱ्यात 'राहते' म्हटलं. दोन्हीला झालं?" तो मान डोलावणार होता. मान अर्धी खाली आलीही होती. "दहा मिनिटं," तो म्हणाला. "चहा घ्या सगळे."

कानसेन त्याच्यामागे धापा टाकत जिन्यापर्यंत आला आणि दोन पायऱ्या खाली बसला, तोंड वर करून, ओठ दिसतील असा.

"कुठला?"

"काय कुठला?"

"कान, गाढवा."

"उजवा."

"आणि डावा?"

"तो आधीपासूनच निवृत्तीला आलाय म्हणे."

"कधी झालं?"

"सोमवारी."  कानसेन टक्कल पुसत राहिला. मग त्यानेच कानसेनला विचारलं, "इथून विमान कुठलं रे जातं?"

"जात नाही. सगळ्या युनिटला माहितीये ते." कानसेनने नाक ओढलं. त्याचे डोळे भरले होते आणि तो चिडला होता. "चार दिवस मी बघतोय. वाटी डाव्या कानावर. मी काही बोललो की हसतोस. परवा मी मुद्दाम तुला शिवी दिली, आईवरून, तर छान म्हणालास. मला सांगायला काय झालं होतं? माझं सगळं आयुष्य गेलं तुझ्यासाठी ऐकण्यात. आणखी थोडं ऐकलं असतं."

"निर्मात्याला कळलं तर काढेल."

"निर्मात्याचं राहू दे. तिचं काय? ती पोर तिकडे विचार करतेय की आपण काहीही केलं तरी या माणसाला चालतं. यापेक्षा वाईट काय असतं रे नटाला?"

हे मात्र त्याला लागलं. उजवा कान बंद झाल्यापासून तो आपल्याला काय ऐकू येत नाही याचाच विचार करत होता. आपल्या "झालं"मध्ये काही राहिलं नाही तर समोरच्याच्या हातात काय पडतं, हे त्याच्या मनात आलं नव्हतं. सेटवरचे चाळीस लोक त्याच्या एका शब्दासाठी थांबायचे. तो शब्द खरा असायचा, एवढीच तर त्याची आयुष्यभराची मिळकत होती. गडगडाटाच्या सहा वर्षांतही त्याने खोट्या रडण्याला आधी "परत" म्हटलं होतं, आणि वेळ संपल्यावर नाइलाजाने घेतलं तर नटीला जवळ बोलावून खोटं आहे हे सांगितलं होतं. तो उठला. खोलीत जाऊन मध्यभागी उभा राहिला आणि म्हणाला, जरा जास्तच मोठ्याने, कारण स्वतःचा आवाजही नीट येत नव्हता, "मला उजव्या कानाने ऐकू येत नाही. डाव्याने अर्धंमुर्धं येतं. सोमवारपासून. सांगायला हवं होतं, सांगितलं नाही. चुकलं माझं." म्हातारा नट उठून बसला आणि शेजारच्याला विचारायला लागला काय झालं. नायिकेने तोंडावर हात ठेवला. मग हात काढून, अगदी लहान मुलीसारखं, तिने विचारलं, "मग मी मोठ्याने बोलू का?"

"अजिबात नाही," तो म्हणाला. "तू होतीस तशीच बोल. ऐकायला हा बसलाय. मला दोन्ही टेक दाखवा. आवाज बंद करून."

मॉनिटरपुढे तो खुर्ची ओढून बसला, पुढे झुकून, आणि चष्मा पुसला. पहिला टेक. मुलगी वाकते, ओठ हलतात, पण ते तो बघत नव्हता. तिचा डावा हात बापाच्या पांघरुणाच्या कडेवर होता. बोलायच्या आधीपासून ती ती कड दुमडत होती, सरळ करत होती, दुमडत होती. जाते म्हणाली. हात तिथेच राहिला. ती मागे झाली, डोळे दाराकडे गेले, अर्धी उठली, आणि तो हात तसाच पांघरुणावर, कुणीतरी विसरून गेल्यासारखा, उन्हात. दुसरा टेक. राहते म्हणाली, आणि म्हणताक्षणी हात उचलून मांडीवर घेतला. बोलून मोकळी झाली. त्याने पहिला पुन्हा लावायला सांगितला. चार वेळा बघितला. त्याच्यामागे सगळं युनिट जमलं होतं, ते त्याला ऐकू आलं नाही, मानेवर गरम वाटलं तेवढंच.

"पहिल्यात ती राहिली," तो म्हणाला. "दुसऱ्यात गेली."

"पण पहिल्यात मी जाते म्हणते," नायिका म्हणाली.

"म्हणू दे की. तोंडाने जाते म्हणते. हात बघ तुझा."

"हात?" ती पुढे वाकली. "कुठला हात?" आणि मग तिला तो दिसला, आणि ती बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिली, दुसऱ्याच कुणाचा असावा तशी. "हे मी केलंच नाहीये," ती म्हणाली.

"म्हणून तर. तुझंच बरोबर होतं, ती जाते म्हणणारच. मी तीन वर्षं चुकीचं लिहून बसलो होतो." मग त्याने मागे वळून कानसेनला विचारलं, "आणि आवाज? आवाज कसा आहे तिचा, पहिल्यात?" कानसेनने हेडफोन कानाला लावून तो टेक पुन्हा ऐकला. संपल्यावर त्याने त्याच्याकडे बघत, ओठ नीट हलवत, एकेक शब्द सांगितला. "म्हणायच्या आधी तिने श्वास घेतलाय. बारीक." दोघांनाही त्याचा अर्थ माहीत होता. ती खोटं बोलत होती. "झालं," तो म्हणाला.

निर्मात्याला त्याने स्वतःच फोन केला, फोन कानसेनच्या कानाला आणि कानसेन मध्ये दुभाष्या.  निर्मात्याने आधी विचारलं, "म्हणजे शूटिंग थांबणार का?" "नाही." "मग मला कशाला घाबरवता? कामात कुचराई दिसली तर बघू." हे उदारपण होतं की धमकी, यावर कानसेनचं आणि त्याचं गाडीत बसेपर्यंत एकमत झालं नाही.

शुक्रवारी काम लवकर संपलं. साडेचारला तो घरी पोचला तर बायको पिशवी घेऊन निघालेलीच होती, ग्रंथालयात पुस्तकं परत करायला. "येतोस?" तिने विचारलं असावं. तो निघाला. सगळ्यांना सांगून झालं होतं. घोरणाऱ्या म्हाताऱ्या नटालासुद्धा सांगून झालं होतं. हिलाच राहिलं होतं. रस्त्याच्या कडेने झाडांखालून ते चालत होते, ती त्याच्या उजवीकडे, आणि तो मनात वाक्य जुळवत होता. पहिल्यांदा त्या रविवारबद्दल बोलायचं की आधी कानाबद्दल? कानाबद्दल बोललं की तो रविवार आपोआप येणारच. कोपऱ्यावर तो थांबला आणि म्हणाला, "तू जरा या बाजूला ये. मला तिकडून ऐकू येत नाही. आणि मी आईला जे बोललो होतो ना, जेवताना..."

"माहितीये," ती म्हणाली. ते त्याने बघितलं.

"काय माहितीये?"

ती त्याच्या डावीकडे आली आणि नीट, शाळेत शेवटच्या बाकापर्यंत पोचेल अशा आवाजात बोलली, "डॉक्टरची पावती तू धुवायच्या शर्टात ठेवलीस. मंगळवारीच. आणि आईंचं म्हणशील तर त्यांनी तुला कधीच माफ केलं होतं. वहीत लिहिलं होतं, छोट्या घाबरलाय म्हणून ओरडतोय. मी मात्र केलं नव्हतं."

"मग तू बोलली का नाहीस? तीन दिवस?"

"बोलत होते की," ती म्हणाली. "तीन दिवस रोज बोलतेय. तुझ्या त्या कानात. सकाळी तू पेपर वाचताना, काल आपण बाजारातून येताना. बत्तीस वर्षांत जे जे राहून गेलं ते. बरं वाटतं. तू मध्ये बोलत नाहीस."

त्याला हसावं की नाही कळेना. "काय काय बोललीस?"

"बरंच आहे."

"चांगलं की वाईट?"

"दोन्ही. क्रमाने काढतेय. अजून मुलगी व्हायची आहे." तिने पिशवी एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर घेतली. काही पावलं ती त्याच्या डावीकडून चालली, गप्प, आणि मग, जणू रस्त्यातला खड्डा चुकवायचा म्हणून, त्याच्या मागून वळसा घालून पुन्हा उजवीकडे आली. आता ती बोलत होती. तिचा खांदा त्याच्या दंडाला मधूनमधून लागत होता, त्यावरून कळत होतं. एकदा ती थांबत थांबत बोलली, एकदा भराभर, एकदा बहुतेक हसली. मान जरा वळवली असती तर ओठ दिसले असते. त्याने वळवली नाही. समोर बघत, तिच्या पावलाला पाऊल जुळवत तो चालत राहिला. ग्रंथालयाचा दरवाजा आला, उघडा होता, आत दिवे लागले होते. तिचं अजून संपलेलं नव्हतं. तो दरवाज्यावरून तसाच पुढे गेला, आणि पुस्तकांची पिशवी सांभाळत तीही.